आत्याची व्हॅलिडिटी

मध्ये ऑफिसात जेवताना एकीने विचारलं, अगं तुमच्याकडे जातीचा दाखला आहे ना, मग परत ती व्हॅलिडिटी कशाला लागते? तिची काही चूक नाही, ती ओपनमधली, तिला आयुष्यात कधी लागलीच नाही. मी डबा धुवून पुसून बंद करेपर्यंत सांगत होते तरी निम्मंच झालं, म्हणून म्हटलं एकदा सगळं लिहूनच टाकते, पुढच्या वेळी लिंक पाठवून देईन.

तर दाखला वेगळा आणि व्हॅलिडिटी वेगळी. दाखला प्रांत ऑफिसातून मिळतो, सेतूत रांग लावायची, कागद द्यायचे, दोन चकरा जास्तीच्या मारायच्या आणि तो हातात येतो. पण तो दाखला म्हणजे सरकारच्या लेखी तुमचा नुसता दावा. तो खरा की खोटा हे पडताळणी समिती ठरवते आणि ती जे सर्टिफिकेट देते ती व्हॅलिडिटी. ॲडमिशनला ती लागते, नोकरीला लागते, सरपंचाच्या राखीव जागेवर उभं राहायला पण लागते. याचा आपल्याकडे खास कायदा आहे, १८ ऑक्टोबर २००१ पासून लागू झालेला, आणि त्यातलं कलम ८ मला आता पाठ आहे, ते म्हणतं सिद्ध करायची जबाबदारी अर्जदाराची. म्हणजे चोरी केली नाही हे चोराला सिद्ध करावं लागत नाही, पण आपण आपल्या आजोबांची नात आहोत हे आपल्याला सिद्ध करावं लागतं. (जबाबदारी अर्जदारावर का टाकली त्याला कारण आहे, त्यावर येते पुढे, लगेच कमेंटमध्ये भांडू नका.)

आम्ही ठाकूर. अनुसूचित जमात, महाराष्ट्राच्या यादीत ४४ नंबर, ठाकूर, ठाकर, क ठाकूर, म ठाकूर असं सगळं एकत्र. पण ठाकूर म्हटलं की लोकांच्या डोळ्यासमोर यूपीचा मिशीवाला ठाकूर येतो, हवेली, घोडा, बंदूक. माझा बाप दुसऱ्याच्या शेतात सालदार होता. आणि दुसरी गंमत म्हणजे आमच्या भागात भाट लोकांनाही ठाकूर म्हणतात, राजपुतांतही म्हणतात, आडनाव म्हणून तर कुणीही लावतं. म्हणजे शब्द एकच आणि त्यामागे चार-पाच वेगवेगळे समाज, त्यामुळे समितीला शंका येणं मी समजू शकते, अगदी प्रामाणिकपणे सांगते, मी त्यांच्या खुर्चीत असते तर मलाही आली असती.

त्यात आम्ही खानदेशातले, पारोळा तालुक्यातले. १९७६ पर्यंत ठाकूर जमातीला क्षेत्रबंधन होतं, म्हणजे नगर, नाशिक, पुणे, ठाणे आणि तेव्हाचा कुलाबा (आताचा रायगड) या जिल्ह्यांतल्या ठराविक तालुक्यांत राहणारा ठाकूर तेवढा आदिवासी, नगरकडच्या अकोल्याचा, इगतपुरीचा, जुन्नरचा चालेल, आमच्याकडचा नाही. माणूस तोच, रक्त तेच, फक्त तालुका चुकला. १९७६ च्या दुरुस्ती कायद्याने हे बंधन गेलं आणि अख्ख्या राज्यातले ठाकूर यादीत आले. कागदावर गेलं म्हणजे. डोक्यातून जायला अजून किती वर्षं लागतील माहीत नाही, कारण भाचीच्या ऑर्डरमध्ये २०२३ साली सुद्धा एक वाक्य होतंच की अर्जदाराचं कुटुंब जमातीच्या मूळ वास्तव्याच्या क्षेत्रातलं नाही.

माझी स्वतःची व्हॅलिडिटी २००९ ची. समितीचं चौकशी करणारं दक्षता पथक घरी येऊन गेलं होतं, शाळेत जाऊन वही बघून गेलं होतं, सात-आठ महिन्यांत सर्टिफिकेट मिळालं, त्यावर मी नोकरीला लागले. त्यामुळे दादाची मुलगी अकरावीत गेली तेव्हा मी फार शहाणपणाने सांगितलं होतं की काही टेन्शन घेऊ नका, माझी आहे ना, सख्ख्या आत्याची, बापाकडचं रक्ताचं नातं, जोडायची आणि मोकळं व्हायचं. दादाने स्वतः कधी काढली नव्हती, दहावीनंतर तो टपरीवर बसला, त्याला लागली कधी?

२०२१ च्या पावसाळ्यात अर्ज भरला. कागद जमवण्यात खरी मजा आहे. अनुसूचित जमातीसाठी ६ सप्टेंबर १९५० च्या आधीचा पुरावा असला की बाजू जड होते, आणि १९५० च्या आधी आमच्यासारख्यांच्या घरात कागद असतोच कुठला, ना सातबारा ना खरेदीखत. जन्ममृत्यूची नोंद गाव नमुना १४ मध्ये असायची, ती आमच्या तहसीलला जीर्ण म्हणून मिळाली नाही. राहिली शाळा. गावच्या मराठी शाळेत दाखल खारीज रजिस्टर आहे, खाकी कापडाची बांधणी, कडा वाळवीने खाल्लेल्या, पान उलटताना हेडमास्तर श्वास धरतात. त्यात माझे आजोबा आहेत. नाव, त्यापुढे बापाचं नाव, जातीच्या रकान्यात ठाकूर, शाळेत दाखल १९३७, नाव काढलं १९३८, आणि शाळा सोडल्याचं कारण या रकान्यात त्या मास्तरांनी बोरूने लिहिलंय, ढोरं चारतो.

एवढीच ओळ. आम्हा सगळ्यांच्या नोकऱ्या, शिक्षणं त्या एका ओळीवर टांगलेली आहेत. मला कधीकधी त्या मास्तरांचं फार वाटतं, त्यांनी कंटाळा करून नुसतं हिंदू लिहिलं असतं तर आम्ही आज कुठे असतो, आणि ठाकूरच्या पुढे एक शब्द जास्त लिहिला असता तर हे कोर्टबिर्ट काही लागलं नसतं.

फेब्रुवारी २०२२ मध्ये पथक आलं. एक पोलीस अधिकारी आणि एक संशोधन अधिकारी. वागायला दोघेही चांगले, चहा घेतला, उगाच कुठे आवाज चढवला नाही. संशोधन अधिकाऱ्याकडे प्रश्नावली होती, त्याला आप्तभाव चाचणी म्हणतात, इंग्रजीत ॲफिनिटी टेस्ट, म्हणजे तुमच्या चालीरीती, देव, नाच, बोली, लग्नाची पद्धत, मयताची पद्धत जमातीशी जुळते का ते बघायचं. भाचीला विचारलं, तुमच्या जमातीत कोणता नाच करतात? ती म्हणाली, लग्नात डीजेवर करतो. (मी मागे उभी राहून कपाळाला हात लावला.) मयताला पुरता की जाळता? जाळतो. हळद कोण लावतं? आई, काकू, सगळ्याच. कुलदैवत? तिने सांगितलं. घरात काय बोलता? अहिराणी. आता अहिराणी अख्खा खानदेश बोलतो, वाणी बोलतात, पाटील बोलतात, आमच्याकडचे भिल्ल पण बोलतात, आम्ही काय वेगळं बोलणार होतो? पण अहवालात लिहून आलं, जमातीची बोली अवगत नाही.

माझी आई, वय ७६, कोपऱ्यात बसून ऐकत होती. शेवटी तिला राहवलं नाही, म्हणाली, "वहीमा नाव से ना साहेब, मंग पोरले नाच काब्र इचारतस?" (वहीत नाव आहे ना, मग पोरीला नाच कशाला विचारता?) साहेब हसले. ते लिहून घेतलं की नाही कोण जाणे, अहवालात तरी नव्हतं.

खरा घोळ झाला तो दुसऱ्याच एका नोंदीने. त्याच वहीत, आजोबांच्या ओळीपासून तीन पानं पुढे, १९४१ चा एक मुलगा आहे, आमचंच आडनाव, आणि जात लिहिलीय भाट. पथकाने त्याला आमचा चुलत आजोबा धरलं. आम्ही वंशावळीचं प्रतिज्ञापत्र दिलं होतं त्यात तो नाही, कारण तो आमचा कुणी नाहीच, गावात त्या आडनावाची दोन वेगळी घरं होती, एक वरच्या आळीत, एक नाल्याकडे, हे गावातलं शेंबडं पोर सांगेल. पण समितीने म्हटलं की प्रतिकूल नोंद येऊ नये म्हणून अर्जदाराने नातेवाईक दडवला. आता सांगा, जो नातेवाईक नाही तो दडवायचा कसा आणि नातेवाईक नाही हे सिद्ध तरी कसं करायचं, नसलेल्या नात्याचा काही दाखला मिळतो का कुठे? आम्ही खुलासा दिला, दोन म्हाताऱ्यांची प्रतिज्ञापत्रं दिली. पुढे सव्वा वर्ष काही नाही. दादा दर महिन्याला एसटीने जायचा, विचारायचा, उत्तर यायचं प्रोसेसमध्ये आहे.

जून २०२३ मध्ये ऑर्डर आली, १४ पानांची. दावा अवैध, दाखला रद्द आणि जप्त. बारावीचा रिझल्ट लागलेला, सीईटी झालेली, इंजिनीअरिंगचे राउंड तोंडावर. भाची काही बोलली नाही, ऑर्डर वाचून झाली की तिने घडी करून परत त्याच पाकिटात घातली आणि आत जाऊन भांडी घासायला बसली. आमच्याकडे बाई नाही, भांडी तीच घासते, पण त्या दिवशी घासून ठेवलेली पण परत घासली.

मी ती ऑर्डर किती वेळा वाचली असेल, सगळ्यात राग आला तो १२ नंबरच्या पानावर. तिथे माझी व्हॅलिडिटी होती. लिहिलं होतं की अर्जदाराच्या आत्याला यापूर्वी वैधता प्रमाणपत्र दिलं आहे हे खरं असलं तरी त्या वेळी १९४१ ची नोंद समितीसमोर आलेली नव्हती, सबब त्याचा लाभ देता येत नाही. म्हणजे एकाच बापाची मी आणि दादा, मी ठाकूर, आणि माझ्या सख्ख्या भावाची मुलगी ठाकूर नाही. मग ती कोण? हे ऑर्डरमध्ये कुठेच नसतं. ठाकूर नाही एवढंच सांगतात, मग आहे कोण ते नाही सांगत.

आता ते कारण, जबाबदारी अर्जदारावर का टाकली त्याचं. हा सगळा चाचणीबिचणीचा प्रकार आला १९९४ च्या माधुरी पाटील निकालातून. दोन बहिणी, महादेव कोळी म्हणून दावा, आणि बापाच्या शाळेच्या कागदावर हिंदू कोळी. सुप्रीम कोर्टाने दावा फेटाळला आणि देशभरासाठी १५ सूचना घालून दिल्या, समिती असावी, दक्षता पथक असावं, चालीरीती तपासाव्यात वगैरे. आणि तपासायला हवंच होतं, नावातल्या साधर्म्याचा फायदा घेऊन खोटे दाखले काढणारे होतेच की, अजून आहेत. आमच्याच ओळखीत एक जण आहे ज्याच्या तीन पिढ्यांत कुणी आदिवासी नव्हतं आणि चौथ्या पिढीत अचानक सगळे झाले. त्याने खाल्लेली जागा कुणा ओपनवाल्याची नव्हती, मोखाड्याच्या नाहीतर अक्कलकुव्याच्या एखाद्या पोराची होती. २०१७ मध्ये बहिरा केसमध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की दावा अवैध ठरला की लाभ गेला, इतकी वर्षं नोकरी केली म्हणून संरक्षण नाही, आणि मग २०१९ च्या डिसेंबरात सरकारने अशा लोकांना अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येपेक्षा जादा धरलेल्या, पदांवर टाकलं, ११ महिन्यांच्या बोलीवर. त्याच्या आधी २००० साली मिलिंद केसमध्ये घटनापीठाने हलबा कोष्टींचा प्रश्न निकाली काढला होता, म्हणजे हलबा जमात यादीत आहे म्हणून कोष्टी, म्हणजे विणकर, आपोआप त्यात येत नाहीत, राष्ट्रपतींच्या यादीत कोर्टाने पण काही घालायचं नाही आणि काढायचं नाही, फक्त ज्याची केस होती त्या मिलिंदची डॉक्टरकी तेवढी शाबूत ठेवली. या निकालांबद्दल माझी तक्रार नाही. असलीच तर इतकीच आहे की खोट्याला पकडायला जे जाळं टाकलं त्यात मासळी सगळीच अडकते आणि ज्याच्याकडे पैसा आणि वकील आहे तो जाळं कापून निघून जातो.

कारण सुप्रीम कोर्टानेच २०११ मध्ये आनंद केसमध्ये सांगून ठेवलंय की स्वातंत्र्याआधीच्या कागदाला जास्त वजन द्या, आणि लोक गाव सोडतात, शिकतात, दुसऱ्यांमध्ये मिसळतात, जुन्या चालीरीती सुटतात, त्यामुळे आप्तभाव चाचणी ही काही अखेरची कसोटी नाही. तरी समित्या तिच्यावरच दावे उडवत राहिल्या. शेवटी आमच्याच ठाकूर जमातीच्या एका संघटनेच्या केसमध्ये २४ मार्च २०२३ ला तीन न्यायमूर्तींच्या पीठाने परत तेच सांगितलं, चाचणी म्हणजे लिटमस टेस्ट नाही, ती प्रत्येक केसमध्ये लागतेच असंही नाही. भाचीची ऑर्डर त्यानंतर तीन महिन्यांची. आणि वाचून मला हसावं की रडावं कळेना, ऑर्डरमध्ये या निकालाचा उल्लेख होता! व्यवस्थित तारखेसकट. उल्लेख केला आणि पुढच्या परिच्छेदात नाच येत नाही म्हणून दावा फेटाळला.

समितीच्या वर अपील नाही. थेट हायकोर्ट, कलम २२६ ची रिट, आमच्यासाठी औरंगाबाद खंडपीठ. वकिलांनी फाईल चाळली आणि पहिलाच प्रश्न विचारला, आत्याच्या वेळी दक्षता चौकशी झाली होती का? झाली होती म्हटल्यावर त्यांनी पेनाचं टोपण काढलं. कारण २०१० मध्ये अपूर्वा निचळे केसमध्ये मुंबई हायकोर्टाने म्हटलंय की रक्ताच्या नातेवाइकाला रीतसर चौकशीनंतर व्हॅलिडिटी मिळाली असेल तर दुसऱ्याला नाकारता येत नाही, ती फसवून मिळवलेली असली तर गोष्ट वेगळी. माझी ती २००९ ची चौकशी, जिचा मी तेव्हा वैताग केला होता, तीच आता उपयोगी पडली. फी त्यांनी तीन हप्त्यांत घेतली, दादाने दुसऱ्या हप्त्याला वहिनीची पोत ठेवली, हे मला नंतर कळलं.

ॲडमिशनची मुदत जवळ म्हणून सर्क्युलेशन, म्हणजे लवकर सुनावणीची परवानगी, घेतलं, मॅटर बोर्डावर आलं, अंतरिम आदेश मिळाला की तात्पुरता प्रवेश द्या, याचिकेच्या निकालाच्या अधीन. अधीन हा शब्द लक्षात ठेवा. पहिलं सेमिस्टर पोरीने अधीन राहूनच काढलं, हॉस्टेलला गादी सुद्धा घेतली नाही, चटईवर झोपायची, म्हणायची आत्या, काढून टाकलं तर गादी कुठे नेऊ.

जानेवारी २०२४ मध्ये फायनल ऐकलं. मी रजा टाकून गेले होते. मला वाटलं होतं आजोबांची वही, वरची आळी, नाल्याकडची आळी, सगळं कुणीतरी नीट ऐकून घेईल. आमचं आठव्या नंबरचं मॅटर, सगळं मिळून बारा-पंधरा मिनिटं. खंडपीठाने समितीची ओरिजिनल फाईल मागवून घेतली होती, त्यातल्या एका न्यायमूर्तींनी १९४१ च्या पानाला बोट लावलं आणि सरकारी वकिलांना विचारलं, हा मुलगा यांच्या वंशावळीत कुठे बसतो ते दाखवा. ते पानं चाळत राहिले. मग विचारलं, आत्याची व्हॅलिडिटी रद्द केलीय का? नाही साहेब. करण्यासाठी काही केलंय? सूचना घेतो साहेब. आणि लगेच डिक्टेशन सुरू, रूल, रूल मेड रिटर्नेबल फोर्थविथ (म्हणजे पुढची तारीख नाही, आत्ताच निकाल), समितीचा आदेश रद्द, दोन आठवड्यांत व्हॅलिडिटी द्या. दादा माझ्या शेजारी उभा, इंग्रजी कळत नाही, माझ्या तोंडाकडे बघतोय. मी मान हलवली तर तो कोर्टातच वाकून नमस्कार करायला लागला, शिपायाने दटावलं.

पण ऑर्डरच्या शेवटी एक ओळ होती, असल्या केसेसमध्ये बरेचदा असते म्हणे. ही व्हॅलिडिटी सशर्त. आत्याची व्हॅलिडिटी समितीने पुन्हा उघडली आणि ती टिकली नाही तर हिचीही जाईल, आणि तेव्हा समन्यायाचा हक्क, म्हणजे आता इतकं शिकले तर राहू द्या असं, सांगता येणार नाही. वकील म्हणाले, काही होत नाही हो ताई, फॉर्मॅटच आहे तो. त्यावेळी पेढे वाटले आम्ही.

(त्याच वर्षी एप्रिलमध्ये नवनीत राणांचा मोची जातीचा दाखला सुप्रीम कोर्टाने वैध धरला, जो हायकोर्टाने २०२१ मध्ये रद्द केला होता. समितीने पुरावा बघून निर्णय दिल्यावर हायकोर्टाने त्यात खोलात शिरायला नको होतं असं काहीसं. बातमी वाचून दादाने फोन केला, आपल्याला लागू होतं का हे? मी म्हटलं दादा, आपलं उलटं आहे, आपल्याला समितीने नाही, कोर्टाने दिलीय. तो थोडा वेळ गप्प राहिला आणि म्हणाला, म्हणजे आता हे पण टेन्शन.)

ऑफिसातल्या मैत्रिणीला मी इथपर्यंत सांगितलं होतं. पुढचं सांगितलं नाही, कारण ते गेल्याच आठवड्यात झालंय. ऑफिसच्या पत्त्यावर रजिस्टर पोस्टाने मला कारणे दाखवा नोटीस आली. २००९ मध्ये १९४१ ची नोंद दडवून वैधता प्रमाणपत्र मिळवलं, ते रद्द का करू नये, २१ तारखेला सकाळी ११ वाजता मूळ कागदपत्रांसह हजर राहावं. आवक लिपिकाने पाकीट माझ्या टेबलावर ठेवलं तेव्हा समितीचा शिक्का वरच्या बाजूला होता, म्हणजे आता सगळ्यांना माहीत झालं असणार. भाची तिसऱ्या वर्षाला आहे. तिला अजून सांगितलं नाही, तिची परीक्षा आहे.

काल हेडमास्तरांना फोन केला, नवीन आहेत, आधीचे रिटायर झाले. साक्षांकित उतारा पाहिजे म्हटलं, दोन्ही पानांचा, १९३७ चा आणि १९४१ चा पण. ते म्हणाले, शनिवारी या, वही आता लोखंडी कपाटात ठेवलीय, किल्ली माझ्याकडेच असते, गेल्या महिन्यात ते नाल्याकडचे तुमचे आडनाववाले पण आले होते, ते म्हणत होते त्यांना त्यांचा आजोबा भाट आहे याचा उतारा पाहिजे, त्यांच्या दाखल्याला कुणीतरी तुमच्या आजोबांची ओळ लावलीय.